चेक इंजिनचा दिवा आणि खिशातला फोन

हौशी : अण्णा, स्टिअरिंगच्या खाली, गुडघ्याच्या वरच्या बाजूला चाचपलं की सोळा पिनांचं एक सॉकेट हाताला लागतं. दहा वर्षं गाडी चालवणाऱ्यालाही ते ठाऊक नसतं. त्यात काडेपेटीएवढा ॲडाप्टर खोचायचा, ब्लूटूथनं फोनला जोडायचा आणि टॉर्क किंवा कार स्कॅनर असलं एखादं ॲप उघडायचं. इंजिनाचा कॉम्प्युटर जे नोंदवून ठेवतो त्यातलं बरंचसं समोर येतं. आजवर चेक इंजिनचा पिवळा दिवा लागला की आपल्या शिरोळ तालुक्यातला माणूस काय करायचा? सांगलीला नाहीतर कोल्हापूरला गाडी न्यायची, नंबर लावायचा, दिवस घालवायचा आणि संध्याकाळी ‘सेन्सर बदललाय’ एवढं ऐकून बिल भरायचं. कुठला सेन्सर, कशानं गेला, खरंच गेला होता का, काही पत्ता नाही. अमेरिकेत १९९६ पासून प्रत्येक नव्या कारला हे सॉकेट सक्तीचं झालं. आपल्याकडे प्रदूषणाच्या बीएस-४ नियमातल्या गाड्यांना या व्यवस्थेचा १ एप्रिल २०१० ला पहिला टप्पा आणि १ एप्रिल २०१३ ला दुसरा लागू झाला. बीएस-४ आधी मोठ्या शहरांपुरतं होतं, १ एप्रिल २०१७ ला देशभर आलं. म्हणजे त्यानंतर तालुक्यात आलेल्या प्रत्येक नव्या कारची तक्रार मला माझ्या दारात, दोन मिनिटांत वाचता येते. पैसे माझे, गाडी माझी, मग माहिती माझ्याकडे का नको?

संशयी : दोन मिनिटांत तुला कोड समजतो, बाळ. दिवा का लागला ते समजायला अजून वेळ आहे. माझ्या गॅरेजातही स्कॅनर आहे, तुझ्याहून महागाचा आहे, तेव्हा यंत्राला विरोध म्हणून मी बोलत नाही. पी ०१७१ हा कोड घे. त्याचा अर्थ एवढाच की मिश्रणात हवा जास्त होतेय, पेट्रोल कमी पडतंय. कशानं? इनटेकचा रबरी पाइप चिरला असेल. हवा मोजणारा सेन्सर धुळीनं माखला असेल. टाकीतला पंप दमला असेल, इंजेक्टर कचऱ्यानं अर्धा तुंबला असेल. नाहीतर सायलेन्सरच्या पाइपला ऑक्सिजन सेन्सरच्या अलीकडे बारीक भोक पडून बाहेरची हवा सेन्सरला फसवत असेल. ॲपमध्ये कोडाखाली ऑक्सिजन सेन्सरचं नाव दिसलं की गिऱ्हाईक सेन्सर विकत घेऊनच येतं आणि म्हणतं, एवढा बसवून द्या. बसवतो. चार दिवसांनी दिवा परत लागतो आणि बोल मला लागतो. पी ०४२० तर याहून वाईट. कॅटॅलिटिक कन्व्हर्टर नीट काम करत नाही असं तो म्हणतो. आत प्लॅटिनम, पॅलेडियम, ऱ्होडियम, म्हणून वस्तू महाग. पण कन्व्हर्टर मरतो तो पुष्कळदा दुसऱ्याच्या पापानं. इंजिन मिसिंग करतं, न जळलेलं पेट्रोल कन्व्हर्टरमध्ये जाऊन पेटतं आणि आतली जाळी वितळते. मिसिंग तसंच ठेवून कन्व्हर्टर बदलला की नवाही त्याच वाटेनं जातो.

हौशी : कोड म्हणजे निदान नव्हे, हे मान्य. पण कोडापासून निदानापर्यंत जायची वाट शिकता येते, ती काही जन्मजात नसते. पी ०३०१ आला, म्हणजे पहिल्या सिलिंडरमध्ये मिसिंग. मी पहिल्याची कॉइल काढून दुसऱ्यावर बसवतो, कोड पुसतो, गाडी चालवतो. आता पी ०३०२ आला तर दोष कॉइलसोबत सरकला, म्हणजे कॉइलच गेली. पी ०३०१च राहिला तर कॉइल सुटली, पुढे प्लग, मग इंजेक्टर. ही पद्धत तुमच्याच धंद्यातली आहे, फक्त ती आता माझ्याही हातात आलीय. शिवाय कोड हा या ॲपचा लहानसा भाग. खरा उपयोग चालू आकड्यांचा. डॅशबोर्डवरचा तापमानाचा काटा सगळं सांगत नाही. कित्येक गाड्यांत तापमान बरंच खालीवर झालं तरी काटा मध्यावरच राहावा अशी रचना केलेली असते. अनेक छोट्या गाड्यांत काटाच नाही, एक निळा दिवा आणि एक लाल. लाल लागेपर्यंत हेड गॅस्केटवर बेतलेलं असतं. करूळ घाट चढताना मला ॲपवर ९२, ९६, १०१ असे आकडे दिसतात. आकडा नेहमीपेक्षा पुढे सरकला की गगनबावड्याला पोहोचायच्या आधीच मी गाडी कडेला घेतो.

चालू आकड्यांच्या मुद्द्यावर हौशीची बाजू भक्कम आहे आणि तिला आणखी एक आधार आहे. दिवा लागतो त्या क्षणीचा वेग, इंजिनाचे फेरे, त्यावरचा भार आणि कूलंटचे तापमान असा एक आकड्यांचा संच कॉम्प्युटर जपून ठेवतो. त्याला फ्रीझ फ्रेम म्हणतात. रस्त्यावर धक्के देणारी गाडी गॅरेजच्या दारात आल्यावर सुतासारखी चालते, हा अनुभव गाडीमालकाला आणि मिस्त्रीला सारखाच सतावतो. ‘उदगावच्या पुढं गेलो की पिकअप जातो’ असे मालक सांगतो, मिस्त्री फेरी मारून येतो, काहीच होत नाही, आणि दोघांचाही एकमेकांवरचा विश्वास थोडा उणावतो. अशा वेळी तो जपलेला क्षण दोघांनाही उपयोगी पडतो.

संशयी : फ्रीझ फ्रेमचं मोल मी जाणतो, म्हणून तर माझी खरी तक्रार तिथूनच सुरू होते. तुझ्या ॲपमध्ये कोड वाचायच्या बटणाशेजारीच कोड पुसायचं बटण आहे. तू विचारानं पुसत असशील. बाकीचे दिवा डोळ्यांत खुपतो म्हणून पुसतात. पुसलं की कोड जातो, सोबत फ्रीझ फ्रेमही जाते आणि कॉम्प्युटरनं स्वतःच्या ज्या तपासण्या पूर्ण केलेल्या असतात त्यांची पाटीही कोरी होते. दोष मात्र गाडीतच. गाडी माझ्याकडे येते तेव्हा मला वाचायला काही उरलेलं नसतं. अजून एक बघ. हा दिवा मुळात मालकाच्या सोयीसाठी आलेलाच नाही. कॅलिफोर्नियातल्या हवेच्या प्रदूषणापायी तिथल्या सरकारनं तो गाड्यांत बसवायला लावला. इंजिन ठरल्यापेक्षा जास्त घाण सोडायला लागलं की मालकाला कळावं आणि त्यानं ते दुरुस्त करावं, हा हेतू. तिकडे कित्येक राज्यांत प्रदूषण तपासणीला याच सॉकेटमध्ये यंत्र जोडून वाचतात, नुकतंच पुसलेलं असलं तर गाडी परत पाठवतात. आपल्या पीयूसी केंद्रावर सायलेन्सरमध्ये नळी घालतात, सॉकेटकडे कोणी बघत नाही. म्हणजे आपल्याकडे त्या दिव्याला जाब विचारणारं कोणीच नाही. होता तो एक मालकाचा त्रागा, दिवा दिसतोय म्हणून गॅरेजला येण्याची सक्ती. तीही तुझ्या फोननं काढून घेतली.

हौशी : बटणाचा दोष बटण दाबणाऱ्याचा. तरी हा मुद्दा मला लागतो, खोटं कशाला बोलू. पण पुसलेलं लपत नाही, हेही सांगतो, आणि आपल्या तालुक्यात त्याचं महत्त्व फार आहे. पंचगंगा नृसिंहवाडीला कृष्णेला मिळते. दोन्ही नद्या फुगल्या की पाणी मागं सरतं आणि गावंच्या गावं वेढली जातात. २००५ झालं, ऑगस्ट २०१९ झालं, जुलै २०२१ झालं. माणसं निघाली, जनावरं काढली, गाड्या मात्र पुष्कळांच्या पाण्यात राहिल्या. पुढे त्यातल्या काही धुऊन, सीट कव्हर बदलून विकल्या गेल्या. आता सेकंड हँड गाडी बघायला गेलो की मी ॲडाप्टर खिशात घालून जातो. कोड एकही नसतो, विकणारा खुशीत असतो. मग मी दुसरं पान उघडतो. कोड पुसल्यापासून गाडी किती किलोमीटर चालली, पुसल्यापासून इंजिन किती वेळा थंडाचं गरम झालं, हे बऱ्याच गाड्या सांगतात. चार वर्षांची गाडी आणि कोड पुसून अकरा किलोमीटर, असं दिसलं तर मी तिथंच विचारतो, दादा, काल काय पुसलंत? तपासण्यांची पाटी कोरी दिसली तरी तोच प्रश्न. गरीब माणूस आयुष्यात एकदा गाडी घेतो. त्याला फसवणुकीपासून वाचवणारं इतकं स्वस्त हत्यार याआधी कधी होतं?

संशयी : बॅटरीची वायर काढून ठेवली तरी कित्येक गाड्यांत पाटी कोरी होते. तुझा प्रश्न रास्त, पण त्याला ‘परवाच बॅटरी बदलली’ हे उत्तर तयार असतं आणि कधीकधी ते खरंही असतं. उलट बाजू जास्त धोक्याची. कोड नाही, पाटी भरलेली, किलोमीटर हजारात, म्हणून तू गाडी चांगली ठरवलीस. पुराची गाडी तशी ओळखत नसतात. मॅट उचलून खालच्या कापडाचा वास घ्यायचा. सीटच्या रुळांवर गंज बघायचा. सीटबेल्ट शेवटपर्यंत ओढून काढायचा, त्याच्या टोकाला गाळाची रेघ असते, ती कोणी धूत नाही. स्टेपनीच्या खळग्यात बोट फिरवायचं. गाळाचं पाणी वायरिंगच्या कप्लरात शिरलं की पिना लगेच जात नाहीत. हिरवट थर चढत चढत सहा महिन्यांनी, वर्षानं एकेक सेन्सर मरायला लागतो. तुझ्या फोनला आजचा व्होल्टेज दिसतो, पुढच्या पावसाळ्यातला गंज दिसत नाही. बेअरिंगमध्ये गेलेला गाळ, ब्रेकचा पाइप, स्टिअरिंगचा रॅक, यातलं काही सॉकेटच्या, सगळ्या कंपन्यांना सामायिक असलेल्या भाषेत येतच नाही. ती भाषा इंजिनाच्या धुराशी संबंधित गोष्टींपुरती ठरवलेली आहे. एअरबॅग आणि एबीएसचे कोड कंपनीच्या स्वतःच्या भाषेत, ते साध्या ॲपला बहुधा मिळतच नाहीत. आणि तुझा तो ॲडाप्टर? ज्या चिपवर हे सगळं उभं राहिलं ती ईएलएम ३२७ कॅनडातल्या एका छोट्या कंपनीची. तिची नक्कल झाली, नकलेची नक्कल झाली, मूळ कंपनी २०२२ ला बंद पडली. बाजारात डब्यावर ‘१.५’ छापून जी मिळते, त्या क्रमांकाची चिप मूळ कंपनीनं कधी काढलीच नव्हती. असल्या ॲडाप्टरला निम्मे हुकूम कळत नाहीत. आकडा उशिरा येतो, कधी येतच नाही.

हौशी : म्हणून घेताना नीट घ्यावा, एवढंच त्यातून निघतं. मॅटचा वास घ्यावा आणि फोनही जोडावा, यात भांडण कुठं आहे?

संशयी : भांडण एवढंच की फोन जोडणारा मॅट उचलायचा थांबतो.

दोघांमधला हा सगळ्यात छोटा पण सगळ्यात खरा खटका म्हणायला हवा. ॲडाप्टर चोवीस तास खोचून ठेवण्याच्या सवयीबद्दलही एक इशारा इथे द्यायला हवा, कारण तो दोघांच्याही बोलण्यातून निसटला. सॉकेटच्या सोळाव्या पिनेला बॅटरीचा प्रवाह कायम असतो, किल्ली काढली तरी. उभ्या गाडीची बॅटरी त्याने हळूहळू उतरते. आणि सॉकेट गाडीच्या आतल्या जाळ्याशी थेट बोलते. २०१५ मध्ये सॅन डिएगोच्या कॅलिफोर्निया विद्यापीठातल्या संशोधकांनी या सॉकेटमध्ये बसवलेल्या, मोबाइल नेटवर्कने जोडलेल्या एका उपकरणाला एसएमएस पाठवून कॉर्व्हेट गाडीच्या ब्रेकमध्ये ढवळाढवळ करून दाखवली होती. साधा ब्लूटूथ ॲडाप्टर इतक्या लांबून हाताळता येत नाही, तरी काम झाले की तो काढून ठेवावा.

हौशी : आता मी तुम्हाला अशी गोष्ट सांगतो की जी आपल्या शिवारातून निघून आपल्याच इंजिनात येते. आपण ऊस लावतो, जिल्ह्यातले कारखाने इथेनॉल काढतात आणि ते पेट्रोलमध्ये मिसळून आपल्याच टाकीत पडतं. २०२२ मध्ये देशानं दहा टक्के मिश्रण गाठलं, २०२३ पासून वीस टक्क्यांचं पेट्रोल पंपावर यायला लागलं. त्यावरून किती वाद झाले! कोणी म्हणतो ॲव्हरेज पडलं, कोणी म्हणतो इंजिन गेलं, कोणी म्हणतो काही होत नाही. ऊसवाल्याला तर दोन्हीकडून बोलावं लागतं, कारण इथेनॉलचा पैसा कारखान्याला आणि कारखान्याचा पैसा त्याच्या बिलाला. या वादात मला माझा आकडा मिळतो. एक किलो पेट्रोल जळायला सुमारे १४.७ किलो हवा लागते, इथेनॉलला सुमारे ९. इथेनॉलमध्ये ऑक्सिजन आधीच असतो. म्हणून मिश्रण वाढलं की कॉम्प्युटरला इंजेक्टर जास्त वेळ उघडा ठेवावा लागतो. किती जास्त, ते ‘फ्युएल ट्रिम’ नावानं ॲपवर टक्क्यात दिसतं. दहाचं वीस झालं तर ट्रिम तीन-चार टक्क्यांनी वर सरकायला हवी, हे कागदावर मांडता येतं. माझ्या गाडीनं ते कसं पचवलं ते मी बघू शकतो. चावडीवरच्या वादात ही केवढी मोठी गोष्ट आहे!

संशयी : हे मला आवडलं. खरंच आवडलं, कारण इथं तू कोड सोडून इंजिनाचं वागणं वाचतोयस. पण आधीचा आकडा तुझ्याजवळ आहे का? दहा टक्क्यांच्या काळात तुझी ट्रिम किती होती हे लिहून ठेवलं असशील तर आजच्या आकड्याला अर्थ आहे. नसेल तर आज दिसणारे अधिक सहा टक्के इथेनॉलचे, चिरलेल्या पाइपचे की दमलेल्या पंपाचे, हे तुझा फोन सांगणार नाही. इथेनॉलवर राग असलेला माणूस ते इथेनॉलच्या नावावर लिहील, कारखान्याचा सभासद पंपाच्या. आकडा दोघांना एकच दिसेल. आणि इथेनॉलबद्दलची मोठी शंका ट्रिममध्ये येतच नाही. १ एप्रिल २०२३ नंतर बनलेल्या गाड्यांतले पाइप आणि सील वीस टक्के सोसतील अशा साहित्याचे करायला लावलेत. त्याआधीच्या गाड्यांतलं रबर किती दिवस टिकतं? रबराला सेन्सर नसतो. ते मला हातानं दाबून बघावं लागतं.

हौशी : आधीचा आकडा असावा म्हणून तर ॲप मालकाकडे हवं! तुमच्याकडे गाडी बिघडल्यावर येते. धडधाकट असताना ती माझ्याकडे असते. थंड इंजिन किती वेळात गरम होतं, उभ्या गाडीची ट्रिम किती, इंजिन चालू असताना बॅटरीला चौदा व्होल्ट मिळतात की तेरा, हे चांगल्या दिवसांत मीच लिहून ठेवू शकतो. डिझेल गाड्यांचंही तेच. बीएस-६ मध्ये धुरातली काजळी अडवणारा फिल्टर आला. तो तापून काजळी जाळतो तेव्हाच साफ होतो, आणि त्याला मोकळ्या रस्त्यावर सलग पळायला लागतं. आमची गाडी घर ते मळा, मळा ते जयसिंगपूर. फिल्टर तुंबतो. काजळी किती साठलीय हे काही गाड्यांत ॲपवर दिसतं, मग आठवड्यातून एकदा हायवेला लांब चक्कर मारून आणायची. तुम्ही ती चक्कर मारून देणार आहात का?

संशयी : नाही. पण आता मी तुला धंद्याचं सांगतो, जे कोणी मोठ्यानं बोलत नाही. मला पैसे कशाचे मिळतात? पार्टवरच्या कमिशनचे आणि पार्ट बदलायच्या मजुरीचे. दोष शोधायला चार तास गेले आणि शेवटी एक सैल कप्लर दाबून बसवला, तर गिऱ्हाईक म्हणतं, काही बदललंच नाही तर पैसे कसले? आजवर ते चाललं, कारण शोधण्याचं काम दिसत तरी होतं. माणूस बाकड्यावर बसून बघायचा. आता तो येतानाच म्हणतो, दोष मी फोनवर शोधलाय, तुम्ही फक्त बदला. म्हणजे माझ्या हातात राहिलं फक्त बदलणं. मग मी बदलणार. चांगला पार्टही बदलणार, कारण त्याचेच पैसे मिळतात. तू पार्ट फेकणारे मिस्त्री नकोत म्हणून फोन घेतलास आणि मला त्याच वाटेवर ढकलतोयस. त्यातून इथली उधारी. ऊस जानेवारीत तुटतो, बिल येईपर्यंत माणूस वहीवर लिहून जातो, मीही नाही म्हणत नाही. ती वही विश्वासावर चालते. प्रत्येक दुरुस्तीला फोन पुढे धरून हिशेब मागितला तर वहीही बंद होईल.

हौशी : विश्वास आणि माहिती यांत एकच ठेवायचं असेल तर अण्णा, ज्याला माहिती नाही त्याच्याच वाट्याला नेहमी विश्वास येतो. आणि हे तुमच्यावरही झालंय. स्पर्धा आयोगानं २५ ऑगस्ट २०१४ ला चौदा कार कंपन्यांना मिळून २,५४४ कोटींहून जास्त दंड ठोठावला, तो कशासाठी? सुटे भाग, दुरुस्तीची माहितीपुस्तकं आणि निदानाची यंत्रं त्या बाहेरच्या गॅरेजना मिळू देत नव्हत्या म्हणून. प्रकरण अपिलात गेलं ते वेगळं. डिसेंबर २०२२ मध्ये केंद्रानं दुरुस्तीच्या हक्काचं पोर्टल काढलं, त्यातही मोटारी आहेत. कंपनीनं माहिती अडवली तेव्हा तुम्हाला अन्याय वाटला. मग तीच माहिती तुमच्या आणि माझ्या मध्ये अडली तर तो न्याय कसा?

संशयी : मी अडवत नाही. तो निकाल माझ्या बाजूचा होता हेही कबूल. पण त्या निकालातली मागणी पूर्ण माहितीची होती, वायरिंगच्या नकाशासकट. तुझ्या फोनवर येतो तो कायद्यानं उघडा ठेवायला लावलेला तुकडा. बाकीचं अजून कुलपातच आहे. तुकडा हातात आल्यावर लोक उरलेलं मागायचे थांबतील, ही माझी भीती आहे. राहिला माझा धंदा. तर शोधण्याचे पैसे वेगळे द्या, बदलण्याचे वेगळे. देशील?

हौशी : देईन. मी माझी आकड्यांची नोंद तुम्हाला पाठवीन, कोड न पुसता गाडी आणीन. तुम्ही दोष शोधा आणि कागदावर लिहून द्या, कशावरून ठरवलं तेही लिहा. काही बदललं नाही तरी त्या कागदाचे पैसे देईन.

संशयी : लिहून दिलं की मी त्याला बांधला गेलो. चुकलं तर तू कागद पुढे करशील, आणि करावास. मग मला माझ्याच स्कॅनरवर वाचलेलं धरावं लागेल, तुझी नोंद नाही. नकली चिपच्या आकड्यावर मी सही करणार नाही.

हौशी : आणि तुमचा स्कॅनर खरा, हे मला कोण सांगणार? दोष महिन्यातून एकदा येणारा असेल तर तो माझ्याच नोंदीत सापडेल, तुमच्या गॅरेजात नाही. तेव्हा तुम्ही काय वाचून सही कराल?

संशयी : तेव्हा गाडी काही दिवस माझ्याकडे सोडावी लागेल, माझा स्कॅनर जोडून. ऊसतोडणी चालू असताना सोडशील?

हौशी : तोडणीच्या दिवसांत नाही जमणार, अण्णा. मुकादम, मजूर, कारखान्याचं गेट, सगळीकडे तीच एक गाडी पळते.

संशयी : मग ती नोंद आण. पण ॲडाप्टर कुठला घ्यायचा ते मी सांगेन, आणि एकदा तुझा आकडा माझ्या आकड्याशेजारी ठेवून बघू. जुळले तर कागदाचं बोलू.